नांदायला परत

१९८७ च्या पावसाळ्यात मी माझ्या हातानं एक कागद लिहिला. शंभरपानी वहीचं मधलं पान फाडून. वर 'जय भीम' घातलं, खाली गाव आणि तारीख. मग मजकूर. 'मी खाली सही करणार लिहून देतो की, आजपासून माझे पत्नीस नीट नांदवीन, दारू पिऊन मारहाण करणार नाही. पत्नीने नवऱ्याचे शब्दाबाहेर जाऊ नये, न विचारता माहेरी जाऊ नये, कामावर परपुरुषाशी बोलू नये. दोघांस मान्य.' त्याची सही. तिचा अंगठा. पाच पंचांच्या सह्या. माझं अक्षर बरं म्हणून वस्तीतलं लिहायचं काम कायम माझ्याकडं. अर्ज, निवेदन, मोर्चाचं पत्रक, सगळं मीच लिहायचो. हे पण लिहिलं.

एकोणीस दिवसांनी ती बाई जळून मेली.

तिचं नाव लिहीत नाही. तिची पोरं आता बाप्ये झालीत, इथंच राहतात, नातवंडं शाळेला जातात. वस्तीचंही नाव घालत नाही. शिरोली एमआयडीसीच्या आसपासची एक वस्ती, एवढं पुरे. ज्यांना कळायचं त्यांना कळेल.

मित्रांनो, हा लेख इतिहासाचा आहे, रडगाण्याचा नाही. बायकोला मारणं आणि बायकोला मारून टाकणं यांच्या मधे काय काय घडतं, हे मला बघायचं होतं. पेपरात कायम एक ओळ असते: किरकोळ कारणावरून पत्नीचा खून. भाजीत मीठ जास्त पडलं. दारूला पैसे दिले नाहीत. ते किरकोळ कारण मी शोधत गेलो आणि मला काही ते सापडलं नाही. सापडली ती एक जुनी वाट, पिढ्यान्‌पिढ्या मळलेली. आणि त्या वाटेवर जागोजागी बसलेली आमच्यासारखी भली माणसं, पळून येणाऱ्या बाईला मागं फिरवायला.

पंचगंगेचा पूल ओलांडून पुण्याच्या बाजूला निघालं की हायवेच्या कडेला शिरोली. तिथल्या फौंड्र्यांत आमच्या दोन पिढ्या खपल्या. वाळू, साचा, कोअर, आणि मग वितळलेलं लोखंड ओतायचं. मी १९८३ ला एका फौंड्रीत हेल्पर म्हणून लागलो. तो माझ्या आधीपासून मोल्डर होता, हाताला पक्का. १४ एप्रिलच्या मिरवणुकीत निळा झेंडा त्याच्याच खांद्यावर असायचा. भीमगीत असं म्हणायचा की म्हाताऱ्या बायकांच्या डोळ्याला पाणी यायचं. हे मुद्दाम सांगतो. बायकोला मारणारा म्हणलं की आपल्या डोळ्यापुढं कुणीतरी गावगुंड उभा राहतो. तो आमचा कार्यकर्ता होता. मला शिफ्टमधे डब्यातली निम्मी भाकर द्यायचा.

ती बाई दुसऱ्या एका शेडमधे कोअर बनवायला होती. लग्नाला नऊ वर्षं झालेली. बैठकीत ती काय बोलली ते माझ्या डोक्यातनं गेलेलं नाही. पहिल्यांदा ताट फेकलं, तेव्हा लग्नाला सहा महिने झालेले. थोरल्याच्या वेळी पोटुशी असताना लाथ घातली. मग तिच्या पगाराचं पाकीट तो स्वतः घ्यायला लागला. मग गेटवर येऊन थांबायला लागला, कुणाशी बोलते बघायला. माहेरचं माणूस दारात आलं की भांडण. आधी महिन्यातनं एकदा, मग आठवड्याला, मग दर दोन दिसाला. आणि शेवटी ती म्हणाली, "दादा, आता ह्यो गळा दाबतोय. रॉकेलचा डबा दाराजवळ ठिवलाय. म्हनतोय, तुला पेटवतो न्हाईतर मी पेटतो. मला जित्ती सोडायचा न्हाई ह्यो."

हे तिनं पाच पंचांपुढं सांगितलं. आम्ही तिला काय विचारलं? "सैपाक येळेवर करतीस का?" एकानं विचारलं, "तो ठेकेदाराचा मानूस तुज्याशी का बोलतोय?" आणि सगळ्यात म्हातारे आबा प्रेमानंच म्हणाले, "पोरी, भांड्याला भांडं लागतंयच. पोरांकडं बघ. नांद." तिची आई भिंतीला टेकून बसलेली. दोन महिने लेक माहेरी ठेवली होती तिनं. ती पण म्हणाली, दिल्या घरी बरी. मग मी पेन काढला.

सरकारी दवाखान्यात तिनं जबाब दिला की स्टोचा भडका उडाला. पोरं पायथ्याला उभी होती. ती पोरं उद्या कुणाच्या जिवावर जगणार, हे तिला ठाऊक होतं. फाईल बंद झाली. तो पुढं बारा वर्षं जगला.

आता इतिहास.

पुष्कळ वर्षांनी, नोकरी सुटल्यावर, मी शाहू महाराजांवरची पुस्तकं वाचत होतो. आपल्याला महाराज म्हणजे १९०२ चं ५० टक्के आरक्षण, १९१८ ला महार वतनाची गुलामी संपवणं आणि १९२० ची माणगाव परिषद. माणगाव तर आमच्याच हातकणंगले तालुक्यात. २१ आणि २२ मार्च १९२० ला तिथं महाराजांनी तरुण बाबासाहेबांकडं बोट करून सांगितलं, हा तुमचा पुढारी. हे आमच्या पोराटोराला पाठ आहे. पण माणगावच्या आदल्या वर्षी, १९१९ ला, त्याच महाराजांनी करवीर संस्थानात एक कायदा केला होता, तो मला पन्नाशी उलटेपर्यंत कुणी सांगितला नव्हता. घरातल्या बाईला क्रूरपणानं वागवलं तर तो गुन्हा. सहा महिन्यांपर्यंत कैद, २०० रुपयांपर्यंत दंड. त्याच वर्षी आंतरजातीय लग्नाला मान्यता देणारा कायदा, आणि त्याच सुमाराला काडीमोडीचाही.

पुस्तक मी खाली ठेवलं आणि बराच वेळ तसाच बसून राहिलो. माझ्या कागदाच्या अडुसष्ट वर्षं आधी, ह्याच मातीत, राजानं लिहून ठेवलं होतं की घरातला छळ हा घरातला मामला नाही. आणि मी, बाबासाहेबांचं नाव घेणारा, वर जय भीम घालून लिहीत होतो की बाईनं नवऱ्याच्या शब्दाबाहेर जाऊ नये.

त्या कायद्याखाली किती नवरे तुरुंगात गेले असतील? फार नसावेत असं मला वाटतं. संस्थानातला फौजदार कुठल्या महारवाड्यात बाईचा छळ विचारायला जाणार होता? महाराज १९२२ ला गेले. १ मार्च १९४९ ला कोल्हापूर मुंबई राज्यात विलीन झालं आणि संस्थानचे कायदे कपाटात गेले. तरी कायदा नुसत्या शिक्षेसाठी नसतो. कुठल्या गोष्टीला काय म्हणायचं, हे तो ठरवतो. १९१९ ला तिला 'छळ' म्हणलं गेलं. आम्ही १९८७ ला तिला 'नवराबायकोचं भांडण' म्हणलं. शब्द बदलला आणि त्या शब्दाखाली बाई दडपली गेली.

त्याही मागं गेलं पाहिजे. बेबीताई कांबळे यांचं 'जिणं आमुचं' १९८६ ला पुस्तकरूपानं आलं, म्हणजे माझ्या कागदाच्या एक वर्ष आधी. मी ते तेव्हा वाचलं नव्हतं, नुसतं ऐकलं होतं. त्यात महारवाड्यातली सून आहे. आठ-दहा वर्षांची पोर, रात्री दळण, दिवसा पाणी, सासूचा मार. ती जीव घेऊन माहेरी पळते. माहेरचे तिला धरून आणतात आणि सासरी घालतात. मग तिच्या पायात लाकडाचा खोडा. परत पळू नये म्हणून. कुणाचा नवरा वस्तऱ्यानं नाक कापतो. बेबीताईंनी हे गावच्या पाटलाबद्दल लिहिलेलं नाही, आपल्याबद्दल लिहिलंय. पुस्तक इंग्रजीत २००८ ला आलं. त्यातल्या मुलाखतीत त्यांनी सांगितलं की माझाही नवरा मला मारायचा. हे लिखाण त्यांनी कित्येक वर्षं घरात लपवून ठेवलं होतं. आपल्याच चळवळीतली, बाबासाहेबांचं भाषण ऐकून घडलेली बाई, तिला आपल्याच घरात वही लपवावी लागली.

तो खोडा आणि माझा कागद. मी हे दोन्ही शेजारी शेजारी ठेवून बघितलं आहे.

एक गोष्ट मात्र न्यायानं सांगायची. आपल्या जुन्या जातींत काडीमोड होती. पंचायत बसायची, काडी मोडायची आणि बाई मोकळी व्हायची. पाट लावायची. पंचायत काय मोठी न्यायी नव्हती. दंड बाईच्या बापाकडूनच वसूल व्हायचा. पण बाहेर पडायला एक दार होतं, वाकून का होईना जाता येत होतं. वरच्या जातींच्या बायकांना तेवढंही नव्हतं. मग आपण सुधारलो. लेकी शिकल्या, लग्नं पांढऱ्या साडीत झाली, पंचशील म्हणलं गेलं. हे सगळं चांगलंच झालं. पण त्याच्याबरोबर एक सवर्ण खोड पण चोरपावलानं आत आली: आपल्यात आता असलं चालत नाही, नवरा सोडणं म्हणजे समाजाची लाज. काडीमोड मागासलेली ठरली आणि कोर्टातला घटस्फोट महागाचा ठरला. मधल्या मधे बाई अडकली. माझं हे म्हणणं काहींना झोंबेल. झोंबू दे.

कारण बाबासाहेबांची शिकवण ही नव्हती. २५ डिसेंबर १९२७ ला महाडला मनुस्मृती जाळली. त्या पोथीच्या आठव्या अध्यायात बायको, मुलगा, दास, शिष्य यांना चुकल्यास दोरीनं किंवा बांबूच्या कांबीनं मारावं असं लिहिलंय. पाठीवर मारावं, डोक्यावर नको, एवढी मेहेरबानी. दास आणि बायको एकाच ओळीत आहेत, हे ध्यानात घ्या. दासाला मारायला आम्ही विरोध केला. त्याच ओळीतली दुसरी आम्ही मारत राहिलो.

पुढं २० जुलै १९४२ ला नागपूरला अस्पृश्य महिलांची परिषद भरली. अध्यक्ष सुलोचनाबाई डोंगरे. हजारो बायका आल्या होत्या, पुष्कळशा मजुरी करणाऱ्या. बाबासाहेब त्यांना म्हणाले की लग्न झालेल्या मुलीनं नवऱ्याची मैत्रीण आणि बरोबरीची म्हणून उभं राहावं, त्याची बटीक होऊ नये. हे वाक्य आपण पोस्टरवर छापतो. पण त्या परिषदेत बायकांनी स्वतः काय मागितलं ते आपण छापत नाही. त्यांनी घटस्फोटाचा हक्क मागितला. एका नवऱ्याला एकच बायको, असा कायदा मागितला. हिंदू विवाह कायदा आला १९५५ ला. त्याच्या तेरा वर्षं आधी आमच्या आयाआज्या ठराव करून सांगत होत्या की आम्हाला बाहेर पडायचं दार पाहिजे. बाबासाहेबांनी त्याच दारासाठी हिंदू कोड बिल लढवलं आणि १९५१ ला मंत्रीपद सोडलं. एवढं सगळं झाल्यावर शिरोलीत एक बाई त्या दारात येऊन उभी राहिली, तर आम्ही पाचजण आडवे.

आता पुणं. १२ जून १९८२. मंजुश्री सारडा नावाची तरुण बाई सासरच्या घरात मेलेली सापडली. फेब्रुवारीत लग्न, जूनमधे मरण. चार महिने. पोटात पोटॅशियम सायनाईड. नवरा शिकलेला, केमिकल इंजिनिअर. तिचं माहेर बीडचं. माहेरी आली तेव्हा तिनं आपलं दुःख आपल्या माणसांना सांगितलं होतं, बहिणीला आणि जवळच्या मैत्रिणीला पत्रं लिहिली होती. सासरी आपण एकट्या पडलोय, नवरा तुटक वागतो, असं त्यांत होतं. ती परत पुण्याला गेली आणि संपली. पुण्याच्या सेशन कोर्टानं नवऱ्याला फाशी सुनावली, हायकोर्टानं ती कायम केली. १७ जुलै १९८४ ला सुप्रीम कोर्टानं त्याला निर्दोष सोडलं. आत्महत्या नव्हतीच असं पुराव्यानं ठरत नाही, म्हणाले. परिस्थितीजन्य पुराव्याची साखळी कशी पक्की पाहिजे, याची पाच सूत्रं त्या निकालात आहेत आणि आजही प्रत्येक वकील ती म्हणून दाखवतो. कोर्टानं सोडलेल्या माणसाला मी खुनी म्हणणार नाही. मला त्या पत्रांचंच पडलंय. बाई मरायच्या आधी सगळं कागदावर होतं. वाचणारी माणसं प्रेमाची होती. तरी ती परत गेली.

त्या मरणानं पुण्यातल्या बायका रस्त्यावर आल्या. नारी समता मंच उभा राहिला, विद्या बाळ त्यात होत्या. 'मी एक मंजुश्री' नावाचं प्रदर्शन गावोगाव फिरलं. आम्ही तेव्हा काय म्हणलं? सदाशिव पेठेचं दुःख. शिकलेल्या, पैसेवाल्यांच्या पोरी मेल्या की पेपर भरतात, आमच्या मेल्या की चार ओळी नाहीत. हे खरंच होतं, आणि आजही बरंचसं खरं आहे. पण ह्या खऱ्या गोष्टीचा आम्ही उपयोग कशाला केला? आमच्या मेलेल्यांची दखल घ्या म्हणून मोर्चा काढला का? नाही. तो विषयच आपला नाही म्हणून हात झटकले. त्या चार ओळी आम्ही तरी कुठं लिहिल्या?

देशभर बायका लढल्या, दिल्लीपासून पुण्यापर्यंत, म्हणून १९८३ ला कायदा बदलला. भारतीय दंड संहितेत ४९८अ कलम आलं. नवऱ्यानं किंवा सासरच्यांनी बाईला क्रूरपणे वागवलं तर तीन वर्षांपर्यंत कैद. अंमल सुरू झाला २५ डिसेंबर १९८३ ला. तारीख बघा, मनुस्मृती जाळली तीच. दिल्लीवाल्यांनी काय जाणूनबुजून निवडली नसेल. शाहू महाराजांच्या कायद्यानंतर चौसष्ट वर्षांनी देशाला हे सुचलं.

म्हणजे १९८७ ला, माझ्या कागदाच्या वेळी, हे कलम होतं. साडेतीन वर्षं जुनं होतं. आम्ही ऐकलंही होतं. पण आमच्या डोक्यात ते 'हुंड्याचं कलम' होतं. आमच्यात हुंडा कुठं होता? आमच्यात उलट मुलीच्या बापाला देज द्यायची पद्धत. म्हणून हे कलम आमचं नाही, असा आमचा हिशोब. कलमात हुंड्याशिवायचाही छळ धरलेला आहे: जिनं बाई आत्महत्येला प्रवृत्त होईल, जिच्या जिवाला, शरीराला किंवा मनाला गंभीर इजा होईल अशी कुठलीही वागणूक. आमच्यातल्या कुणी ते वाचलंच नव्हतं, आणि मी तर लिहिणारा-वाचणारा माणूस म्हणवून घेत होतो. १९८६ ला ३०४ब आलं, हुंडाबळीचं. ते मात्र हुंड्याला आणि लग्नानंतरच्या सात वर्षांना बांधलेलं. सात वर्षांत बाईनं आत्महत्या केली आणि छळ झालेला असला, तर नवऱ्यावर संशय धरायला पुराव्याच्या कायद्यात मुभा आहे. आमच्या बाईच्या लग्नाला नऊ वर्षं झालेली. नऊ वर्षं तिनं सोसलं, त्या सोसण्यानंच तिला कायद्याच्या बाहेर नेऊन ठेवलं. आमच्या वस्त्यांत बाई मरते ती संशयानं, दारूनं, तिच्या पगाराच्या पाकिटापायी. हुंडा शोधणाऱ्या कायद्याला हे मरण दिसायला उशीर लागतो.

आणि अॅट्रॉसिटी? १९८९ चा तो कायदा आपल्या रक्तानं मिळवलेला. पण त्यात गुन्हेगार दलित-आदिवासीबाहेरचा लागतो. ते बरोबरच आहे. फक्त त्यामुळं एक सवय लागली. जे अॅट्रॉसिटीत बसत नाही ते अत्याचारात धरायचंच नाही. पाटलानं मारली तर तालुका बंद. नवऱ्यानं मारली तर तेराव्याला शांतपणे जेवण.

चळवळीची बदनामी होईल म्हणून गप्प बसा, हे मी स्वतः अनेकांना सांगितलेलं आहे. १९८४ ला मल्लिका अमर शेख यांचं 'मला उद्ध्वस्त व्हायचंय' आलं. शाहीर अमर शेखांची मुलगी, आणि नवरा पँथरच्या संस्थापकांतला एक, आमचा लाडका कवी. त्या संसारात झालेली मारहाण तिनं लिहिली. आमच्या अड्ड्यावर त्या पुस्तकावर चर्चा झाली ती अशी: हे छापायला कुणी लावलं? सवर्णांच्या हातात कोलीत दिलं. तिच्या अंगावरच्या वळांबद्दल एक अवाक्षर निघालं नाही. त्या कवीची कविता मला आजही थोर वाटते. पण त्या दिवशी आम्ही तिला खोटी ठरवलं नसतं, तर तीन वर्षांनी दुसरी एक बाई आमच्यापुढं बोलत असताना कदाचित आमचे कान उघडे असते.

आता जरा लांबचं. अमेरिकेत बाल्टिमोरला जॅकलिन कॅम्पबेल नावाची नर्स आहे, संशोधन करणारी. १९८० च्या दशकात तिनं नवऱ्याकडून मार खाणाऱ्या बायकांसाठी प्रश्नांची एक यादी केली. कुठली बाई मरणाच्या जवळ आलीय हे ओळखायला. माझ्या पुतणीनं, ती समाजकार्य शिकली, मला ती मराठीत समजावून सांगितली. मार वाढत चाललाय का? गरोदरपणी मारलं का? तुझ्या रोजच्या हालचालीवर त्याचा ताबा आहे का? संशय घेतो का? मारून टाकीन म्हणतो का? स्वतः मरेन म्हणतो का? गळा दाबला का? तू त्याला सोडून निघालीस का? पुतणी एकेक वाचत होती आणि मला वहीचं ते पान दिसत होतं. त्या बाईनं बैठकीत जवळजवळ ह्याच क्रमानं सांगितलं होतं. कुणी न विचारता. अडाणी बाई, अंगठेबहाद्दर, तिला आपलं मरण येताना दिसत होतं.

त्यातल्या दोन गोष्टी प्रत्येकानं डोक्यात पक्क्या बसवाव्यात. एक, गळा. तिकडच्या अभ्यासात निघालं की ज्या बाईचा नवऱ्यानं एकदा गळा दाबलाय, तिचा पुढं त्याच्याच हातून खून होण्याचा धोका सुमारे सात पटीनं जास्त. गळ्यावर पुष्कळदा खूणसुद्धा उठत नाही, म्हणून लोक म्हणतात काय झालं नाही. दुसरी, सोडून जाणं. बाई निघाली की नवऱ्याचा ताबा सुटतो, आणि तीच वेळ सगळ्यात घातकी. म्हणजे ती माहेराला आली, ती आमच्यापुढं बसली, तेव्हा ती सगळ्यात जास्त धोक्यात होती. आणि नेमक्या त्या वेळी आम्ही तिला त्याच्या हवाली केलं, सह्या करून.

ही एकट्या आमच्या वस्तीची गोष्ट नाही. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रात साधारण दर चार लग्न झालेल्या बायकांमागं एकीनं नवऱ्याचा मार किंवा जबरदस्ती सोसलेली. देशात मार खाणाऱ्या शंभरातल्या चौदाजणींनीच कुठं मदत मागितली. जगाचा हिशोब संयुक्त राष्ट्रांनी केला: २०२३ ला ५१,१०० बायका आणि मुली नवऱ्याच्या, जोडीदाराच्या नाहीतर घरच्यांच्या हातून मेल्या. रोज १४०. चौदातली ती एक आमच्यापर्यंत आली होती, एवढंच मला म्हणायचंय.

कायदा आता पुढं गेलाय. २००५ चा कौटुंबिक हिंसाचाराचा कायदा २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू आहे. त्यात मार, शिवी, पैसा काढून घेणं, सगळं हिंसाचारात धरलंय. बाईला त्या घरात राहायचा हक्क आहे, घर तिच्या नावावर नसलं तरी. संरक्षण अधिकारी असतो, त्याच्याकडं अर्ज करता येतो, कोर्ट नवऱ्याला लांब राहायचा हुकूम देऊ शकतं. १८१ वर फोन करता येतो. १ जुलै २०२४ पासून दंड संहिता जाऊन न्याय संहिता आली, तेव्हा ४९८अ शोधत बसू नका, आता ते ८५ आणि ८६ आहे. हुंडाबळीचं ८०. पोरांनी हे आकडे लिहून ठेवावेत, पंचांच्या बैठकीत उपयोगी पडतात.

कारण बैठका अजून होतात. तीन वर्षांमागं आमच्या विहारात एक पोरगी आली, चोवीस-पंचवीसची. बरोबर तिची मावशी. अध्यक्ष आता माझ्या मुलाच्या वयाचा, शिकलेला पोरगा. त्यानं दोन्ही बाजू ऐकल्या आणि माझ्याकडं वळून म्हणाला, "काका, तुमचं अक्षर चांगलं हाय, जरा लिहून घेता का? दोघांचं मिटवूया." कुणीतरी वही पुढं सरकवली.

मी त्या पोरीला विचारलं, "बाळ, गळा दाबला का त्यानं?" ती मावशीकडं बघायला लागली. मावशीनं तिचा पदर जरा बाजूला केला.

मी लिहिलं नाही. बैठकीत गलका झाला, मला म्हाताऱ्याचं डोकं फिरलं म्हणाले. नवरा चांगला पोरगा आहे, चळवळीतला आहे, म्हणाले. ते मला माहीत होतं. मी, मावशी आणि माझी पुतणी त्या पोरीला घेऊन आधी डॉक्टरकडं गेलो, गळ्याची नोंद करून घेतली, मग ठाण्यात. रात्रीचे दोन वाजले. ती पोरगी आता दुसऱ्या गावात शिवणाच्या कारखान्यात आहे. कुठं ते लिहीत नाही. केस चालू आहे.

मागच्या आठवड्यात तिचा नवरा माझ्या दारात आला होता. आल्या आल्या पाया पडला. म्हणाला, काका, तुम्ही बोललात तर ती येईल, तुमचं ऐकते ती, मी लिहून द्यायला तयार आहे. मी त्याला उंबऱ्याच्या आत घेतलं नाही. तो तासभर पायरीवर बसून राहिला, आणि परत येतो म्हणून गेला.